हळदीचा रकाना

ठाण्याच्या आमच्या ऑफिसात एक लांबलचक टेबल आहे, भिंतीवर मोठा स्क्रीन आहे आणि कोपऱ्यात चहाच्या नावाखाली कोमट पाणी देणारं एक महागडं मशीन आहे. आम्ही तिघं भागीदार मिळून एक फंड चालवतो. नव्या कंपन्या काढलेली मंडळी आम्हाला भेटायला येतात आणि पटलं तर आम्ही त्यांच्यात पैसे गुंतवतो. मंडळी स्क्रीनवर चित्रं दाखवतात. सगळ्या चित्रांतला बाण वर गेलेला असतो. खाली जाणारा बाण घेऊन आजवर कुणी आमचा जिना चढलेलं नाही.

सगळं सांगून त्यांचा घसा कोरडा पडला की मी विचारते, "यात हळदीचा रकाना कुठे आहे?"

काही जण हसतात. काही घाबरून मागचं चित्र पुन्हा लावून बघतात. एक जण अतिशय नम्रपणे म्हणाला होता, "मॅडम, आम्ही मसाल्यांच्या धंद्यात नाही." माझे भागीदार आता सरावलेत, ते निमूटपणे खिडकीबाहेर बघतात. मी मुळात तापट बाई आहे, मला एकच गोष्ट दोनदा सांगायचा कंटाळा येतो. हा रकाना मात्र मी दरवेळी शांतपणे समजावून सांगते, कारण तो मी स्वतः विसरले होते आणि त्यापायी माझी कंपनी बाळसं धरायच्या आधीच जाणार होती.

मी ठाण्याच्या पलीकडच्या वळ गावची. बाहेरच्या माणसाला आमचं गाव म्हणजे नुसती गोदामं. पत्र्याची उंच छपरं, ओळीने उभे ट्रक, आणि देशभरात जाणारे फ्रीज, चपला, बिस्किटं आमच्या दारावरून. त्याच जमिनीत आम्ही भात लावायचो ते मला आठवतं, पण त्याचं मला फारसं दुःख नाही हे सांगून टाकते. लावणीत कंबर माझ्या आईची मोडायची, आठवणी काढून गहिवरणाऱ्यांची नाही. शेतावर गोदाम झालं, त्याचं भाडं आलं आणि त्या भाड्यावर मी कॉम्प्युटर इंजिनीअर झाले.

मग ऐरोलीच्या एका मोठ्या कंपनीत आठ वर्षं नोकरी केली. तिथे कुणी 'कुठली?' म्हणून विचारलं की मी 'ठाण्याची' म्हणायचे. एकदा चुकून वळ म्हणाले, तर शेजारच्या टेबलावरचा म्हणाला, "म्हणजे ते हळदीला बँड लावून रस्ता अडवणारे?" सगळे हसले. मीही हसले. त्या हसण्याची आजही लाज वाटते.

घरी येता-जाता मी रोज एकच दृश्य बघायचे. एका गोदामापुढे वीस ट्रक ताटकळत उभे, आणि शेजारच्या गोदामात माणसं पत्ते कुटत बसलेली. दुसऱ्या दिवशी नेमकं उलटं. उद्या किती ट्रक येतील, किती वाजता बोलवावेत, किती माणसं आणि किती फोर्कलिफ्ट हाताशी असतील, हे आदल्या दिवशी सांगणारं सॉफ्टवेअर करता येईल असं माझ्या डोक्यात घुसलं आणि काही केल्या निघेना. शेवटी नोकरी सोडली. ऐरोलीचे दोन सोबती माझ्या नादाला लागून बाहेर पडले. आमच्याच गोदामाच्या केबिनमध्ये, एका खडखडणाऱ्या कूलरसमोर, आम्ही कंपनी थाटली. आईने अट घातली होती. या उन्हाळ्यात जमलं तर जमलं, नाही तर गपचूप नोकरी धरायची. माझ्या दोन सोबत्यांच्या घरीही थोड्याफार फरकाने हेच बोलणं झालेलं होतं.

गुंतवणूकदारांचे उंबरे मीही झिजवले. एकाने माझं बोलणं ऐकता ऐकता जेवण मागवलं, खाल्लं, आणि मग म्हणाला की आपण पुन्हा बोलू. त्याचा फोन अजून यायचाय.

शेवटी एक दार उघडलं ते शेजारच्या पूर्णे गावात, पूर्ण्याला. घरगुती सामान विकणाऱ्या एका मोठ्या कंपनीचं तिथे गोदाम होतं. त्याचे मॅनेजर कानपूरकडचे. भर उन्हाळ्यात टाय लावणारे, बोलायला गोड आणि हिशेबाला कडक. त्यांनी माझं सगळं ऐकून घेतलं आणि सहा आठवड्यांची परीक्षा ठरवली. रोज संध्याकाळी मी उद्याचा अंदाज द्यायचा, ते त्याप्रमाणे ट्रक बोलावणार. "एक गलती माफ," ते म्हणाले, "दूसरी हुई तो मैडम, आप अपना सामान उठा लीजिए." सहा आठवडे पार पडले तर त्यांच्या सगळ्या गोदामांचं काम आम्हाला. नाही तर कंपनी बंद, हे त्यांना माहीत नव्हतं, पण आम्हा तिघांना होतं.

पहिले तीन आठवडे लोण्यासारखे गेले. ट्रक यायचा, लागायचा, रिकामा होऊन जायचा. मॅनेजरसाहेब मला स्वतःच्या थर्मासमधला चहा देऊ लागले. मी केबिनमध्ये पाय टेबलावर टाकून बसू लागले. आमच्या गोदामांच्या पट्ट्यातली सगळी माहिती मी कॉम्प्युटरला खाऊ घातली होती. पाऊस, टोल, सणाच्या सुट्ट्या, महिन्याची अखेर, अगदी क्रिकेटचे सामनेसुद्धा.

चौथ्या आठवड्यात एका मंगळवारी मी सतरा ट्रक सकाळीच बोलवायला सांगितले. सतराच्या सतरा वेळेवर आले. आत मात्र फोर्कलिफ्ट चालवायला माणूस नव्हता. सुपरवायझर नव्हता, टेम्पोवाले नव्हते, गेटवरचाही नव्हता. ट्रकची रांग गेटातून रस्त्यावर आली आणि रस्त्याने निघाली ती दिसेनाशी झाली. मॅनेजरसाहेबांनी फोनवर फक्त एवढंच म्हटलं, "एक." मी ओरडले असते तर बरं वाटलं असतं, पण ओरडायला समोर कॉम्प्युटरशिवाय कुणी नव्हतं. मी सगळे आकडे उलटेपालटे करून बघितले. काही चुकलेलं सापडेना.

तेवढ्यात दारात माझी आत्या उभी. राहनाळला दिलेली माझ्या वडिलांची थोरली बहीण. नऊवारी कडक इस्त्रीची, केसात गजरा, हातात पितळी ताट. ती धवलारीण आहे. आमच्या आगरी लग्नांत विधी लावायचे ते धवले गाऊन, आणि ते गाते ती धवलारीण. भटजी असतो मांडवात, पण धवलारिणीने तोंड उघडल्याशिवाय नवऱ्याच्या कपाळी बोट लागत नाही. आत्याला आजूबाजूच्या सगळ्या गावांतून बोलावणं असतं.

"बाय, मना पूर्ण्याला सोर," ती म्हणाली. "एक टेम्पो मिलत न्हाय, एक रिक्षा मिलत न्हाय."

मी वैतागून स्कूटी काढली. आत्या ताट सांभाळत मागे बसली. मी बोलावलेल्या त्या सतरा ट्रकच्या रांगेला लागूनच आम्ही निघालो. ड्रायव्हर खाली उतरून अंगोछे झटकत होते. दहाबारा ट्रक ओलांडल्यावर आत्या मागून म्हणाली, "आज कोन येडा गाड्या बोलावतंय गो?"

"का?"

"तुना म्हाईत न्हाय? आज तीन हलदी हायत. पूर्ण्याला दोन न् राहनालला एक. कामावर कोन येनार?"

मी स्कूटी थांबवली. मला माहीत होतं. त्यातल्या एका हळदीची पत्रिका आमच्या फ्रीजवर आठ दिवस चुंबकाखाली लटकत होती, आणि मी रोज तिच्याखालून पाण्याची बाटली काढत होते. हळद म्हणजे आमच्याकडे लग्नाहून मोठी गोष्ट. टेम्पो मांडवाचं सामान आणतात, मग पाहुणे आणतात. फोर्कलिफ्ट चालवणारा नवऱ्याचा आतेभाऊ असतो, सुपरवायझर मामा असतो. दुपारपासून बेंजो सुरू होतो, मटण शिजतं, तांदळाच्या भाकऱ्या थापायला अख्खी आळी बसते. हे सगळं मी जन्मापासून बघत आले होते. क्रिकेटला रकाना दिला आणि हळदीला दिला नाही. ऐरोलीत जे हसण्यावारी नेलं होतं, ते माझ्या सॉफ्टवेअरमध्ये यायलाच नको असं मी न ठरवताच ठरवून टाकलं होतं. रस्त्याच्या कडेला स्कूटीवर बसून मला रडू आलं. आत्याला वाटलं उन्हाने.

"येडा मीच, आत्या," मी म्हटलं.

तिने पदराने माझं तोंड पुसलं आणि म्हणाली, "चल, तिकडं पोरगा पाटावर बसलाय."

त्या रविवारी मी तिच्या घरी गेले. लग्नाचे मुहूर्त पंचांगात सापडतात, पण कुठल्या गावात किती घरी मांडव पडणार हे पंचांगाला काय ठाऊक? ते ठाऊक होतं आत्याला. तिला लिहिता-वाचता येत नाही. तिच्या स्वयंपाकघराच्या दारामागे वाण्याने दिलेलं कॅलेंडर होतं आणि त्यावर हळदीच्या बोटाचे पिवळे ठिपके होते. एक ठिपका म्हणजे एक हळद. मोठ्या गोतावळ्याचं घर असेल तर दोन. चौकोनाच्या डाव्या कोपऱ्यात ठिपका म्हणजे पूर्ण्याच्या बाजूचं गाव, उजव्या कोपऱ्यात म्हणजे दापोड्याच्या बाजूचं. रंग उडाला की ती पुन्हा बोट लावायची. पुढच्या दोन महिन्यांचा पट्ट्याचा सगळा कारभार त्या दारामागे लटकत होता, आणि मी तो शोधायला इंटरनेटवर फिरत होते.

"आत्या, मला हे सगळं लिहून घेऊ दे."

ती लगेच हो म्हणाली नाही. पाटावर बसली, पानाचा देठ खुडला आणि मला समोर बसवलं.

"तारीख सांगन, बाजू सांगन. घर न्हाय सांगनार. लोका मना आधी सांगतान, आपले भावकीला मागून. माझे तोंडून घर फुटला तं उद्या मांडवात मना कोन उभी करील?"

"नाही विचारणार घर."

"कवाच न्हाय?"

"कधीच नाही."

"न् आयतवारी यायचा, तं जेवून जायचा."

पुढे मी मोठमोठ्या वकिलांनी लिहिलेले गुप्ततेचे करार खूप वाचले आणि त्यांवर सह्याही केल्या. इतका नेमका करार पुन्हा वाट्याला आला नाही. त्या संध्याकाळी मी सॉफ्टवेअरमध्ये नवा रकाना उघडला. सोबत्यांनी विचारलं, नाव काय द्यायचं? मी म्हटलं, 'हळद'. थोडी छाती फुगली, खोटं कशाला बोलू.

पाचव्या आठवड्यात एका गुरुवारच्या चौकोनात अकरा ठिपके होते. मी मॅनेजरसाहेबांना सांगितलं की गुरुवारी फक्त चार ट्रक बोलवा, बाकीचे मंगळवारी आणि बुधवारी उरकून घ्या.

"मैडम, आप मुझसे कह रही हैं कि शादियों की वजह से ट्रक न बुलाऊँ?"

"शादी नहीं साहब, हल्दी."

त्यांनी टायची गाठ सैल केली. मग म्हणाले, "एक गलती हो चुकी है, याद है ना?"

गुरुवारी अख्खा पट्टा जागच्या जागी थिजला. रस्त्यावर मांडव, मांडवापुढे बेंजो, बेंजोपुढे नाचणारे सुपरवायझर, आणि त्यांच्यामागे हॉर्न वाजवून थकलेले ट्रक. शेजारच्या गोदामाचा मॅनेजर दोन्ही हात कमरेवर ठेवून रस्त्यात उभा होता. आमच्या मॅनेजरसाहेबांचे चार ट्रक दुपारआधी रिकामे होऊन गेले होते आणि ते सावलीत खुर्ची टाकून चहा पीत होते. त्यांनी विचारलं, कैसे पता चला? मी म्हटलं, घर सांगायचं नाही असं ठरलंय. त्यांना काही कळलं नाही, पण चहा मात्र मला पूर्ण कप मिळाला.

आता एकच आठवडा उरला होता. रविवारी मी राहनाळला गेले, जेवले आणि कॅलेंडर उतरवून घ्यायला लागले, तर शेवटच्या शनिवारी, म्हणजे बरोबर परीक्षेच्या शेवटच्या दिवशी, सात नवे ठिपके. डाव्या कोपऱ्यात नाहीत, उजव्या कोपऱ्यात नाहीत. चौकोनाच्या मधोमध.

"आत्या, हे कुठलं?"

"मधला म्हंजे वलचा."

"वळला शनिवारी कुणाचं लग्न आहे? मला तर कुणी बोललं नाही."

आत्याने ताटली उचलली. "घर न्हाय सांगायचा, ठरलाय आपला."

मी घरी येऊन आईला विचारलं. ती चुलीकडे तोंड करून म्हणाली, "असंल कोनाचा." गावात दोघातिघांना विचारलं. कुणी काही कबूल करेना. त्या शनिवारी पंचांगात धड मुहूर्तही नव्हता. माझी झोप उडाली. हे सात ठिपके खरे धरले आणि शनिवारी सगळी माणसं कामावर हजर राहिली, तर ट्रक नाहीत आणि माणसं रिकामी, म्हणजे दुसरी चूक. खोटे धरले आणि माणसं गायब झाली, तरी दुसरी चूक. सोबती म्हणाले, म्हाताऱ्या माणसाचं बोट घसरलं असेल, पुसून टाक. मी पुसायला गेलेही होते. पण ज्या बाईने कुणाचं घर फुटू दिलं नाही, तिचा ठिपका मी कुठल्या तोंडाने पुसणार होते? मी सात लिहिले. शनिवारी तीन ट्रक पुरेत, असा अंदाज पाठवला.

शनिवारी सकाळी पूर्ण्याच्या गोदामात पाऊल टाकलं, तर सगळे हजर. एकूण एक फोर्कलिफ्टवाला, सुपरवायझर, टेम्पोवाले, गेटवर सुद्धा एकाच्या जागी दोन. कधी नव्हे ते सगळे आंघोळ करून, भांग पाडून आलेले. तीन ट्रक त्यांनी असे काही रिकामे केले की बघत राहावं. साडेदहाला सगळे हात झाडून उभे. मॅनेजरसाहेबांनी घड्याळ बघितलं, मग माझ्याकडे बघितलं. मी जमिनीकडे बघितलं. केबिनमधला कूलर विकून किती येतील याचाच मी विचार करत होते, इतकी मी संपले होते.

आणि मग एक फोर्कलिफ्टवाला पुढे आला. "साहेब, सुट्टी पायजे. हलद हाय." त्याच्या मागून दुसरा. मग सुपरवायझर. मग गेटवरचे दोघंही. पाच मिनिटांत गोदाम रिकामं.

"किसकी हल्दी है?" मॅनेजरसाहेबांनी शेवटच्याला गाठलं.

तो माझ्याकडे बघून हसला. "वलला. म्याडमच्याच घरी."

साहेब म्हणाले, चलिए, देखते हैं. त्यांच्या गाडीतून आम्ही वळला आलो. आमच्या गोदामाच्या अंगणात निळ्या ताडपत्रीचा मांडव पडला होता. चार कोपऱ्यांना उंबराच्या फांद्या. बेंजोवाले तारा पिळत होते. आई आणि शेजारणी भाकऱ्या थापत बसल्या होत्या. मांडवाच्या मधोमध पाटावर, केबिनमधून उचलून आणलेला आमचा कॉम्प्युटर, त्याला झेंडूची माळ, आणि त्याच्या शेजारी एक रिकामा पाट. माझे दोन सोबती आधीच पिवळे झाले होते.

"बस," आत्या म्हणाली.

मी बसले. आत्याने पहिलं बोट कॉम्प्युटरला लावलं, कडेला, काच सोडून. मग माझ्या गालांना. मग गायला लागली. चाल तीच जुनी, धवल्याची, पण बोलांत नवऱ्यामुलाच्या जागी गाड्या आल्या, वरातीच्या जागी गेट आलं, आणि व्याह्यांच्या जागी टायवाला पाहुणा आला. सगळा मांडव हसून लोळला. तो टायवाला पाहुणा बिचारा काही न कळता टाळ्या वाजवत होता. बायकांनी त्यालाही सोडलं नाही. टायसकट पिवळा केला. मग बेंजो सुरू झाला आणि कानपूरचा माणूस वळच्या अंगणात असा नाचला की आमचे फोर्कलिफ्टवाले बाजूला सरले.

नाचून झाल्यावर घाम पुसत ते माझ्याजवळ आले. "मैडम, आज का अंदाज़ भी सही निकला," ते म्हणाले. "पौने ग्यारह बजे पूरे गोदाम में एक आदमी नहीं था." सोमवारी कागद आले. त्यांच्या सगळ्या गोदामांचं काम.

मी मात्र त्या दुपारी आत्याला धरलं. आनंद होताच, पण रागही आला होता. मी म्हटलं, "आत्या, तुला माहीत होतं आज निकाल आहे. तू आधीच सगळ्या लोकांना सांगून ठेवलंस. आणि मी नापास झाले असते तर? मांडव घालून बसली असतीस?"

मीच खुळी असल्यासारखी ती माझ्याकडे बघायला लागली.

"तू पास झालीस काय न् नापास झालीस काय, मना काय कलतंय त्यातला? पोरीनी काम मांडला, त्याची हलद. निकाल लागल्यावर कोन हलद लावतंय गो? हलद आधी लावतान."

पुढचं थोडक्यात सांगते, कारण तेच लोकांना मोठं वाटतं आणि मला नाही. कंपनी वाढली. वळच्या केबिनमधून बाहेर पडून दुसऱ्या राज्यांत गेली. तिथे हळद नव्हती, पण प्रत्येक ठिकाणी काहीतरी होतंच. कुठे गावची जत्रा, कुठे मासळीचा बाजार, कुठे ऊसतोडीला निघालेली माणसं. रकान्याचं नाव आम्ही सगळीकडे 'हळद'च ठेवलं. काही वर्षांनी एका मोठ्या कंपनीने ती विकत घेतली. दोन वर्षं त्यांच्या ऑफिसात मी मिटिंगा केल्या आणि चिडचिड केली, दोन्ही सारख्याच मन लावून. मग दोन जुने ओळखीचे म्हणाले, ये, आपण तिघं मिळून फंड काढू. तेव्हापासून मी टेबलाच्या या बाजूला आहे. समोरच्याचं बोलणं चालू असताना मी जेवण मागवत नाही.

आत्याला नवं काम समजावून सांगायला मला अर्धा तास लागला. आपल्याला पटलेल्या माणसाच्या कामात पैसे घालायचे, त्याच्या पाठीशी उभं राहायचं, बुडालं तर बुडालं. तिने सगळं ऐकलं आणि म्हणाली, "म्हंजे आता तू धवलारीन झालीस. लगीन दुसऱ्याचा न् घसा तुझा." एवढ्या वर्षांत माझ्या धंद्याची याहून नीट व्याख्या मला कुणी सांगितलेली नाही.

परवा नारपोलीची एक मुलगी आली होती. पंचविशीची, यंत्रमागाच्या शेडमध्ये लहानाची मोठी झालेली. बाप आयुष्यभर लूम चालवणारा. तिने मागाला लावायचं एक छोटं यंत्र केलंय. धागा तुटून माग बंद पडला की ते नोंद घेतं आणि मालकाच्या फोनवर दाखवतं. अशी यंत्रं घेऊन याआधी दोघं आले होते. मी माझा प्रश्न विचारला, आणि त्याचा अर्थही सांगितला. तुझ्या माणसांचं असं काय आहे जे तुला सांगायला लाज वाटते म्हणून तू यातून गाळलंस?

ती म्हणाली, "गाळलं होतं मॅडम. नंतर घातलं." तिचे अब्बा आणि शेजारचा मागवाला यांची जोडी. एक नमाजला किंवा चहाला गेला की दुसरा त्याचे लूमही बघतो. नियमात बसत नाही, मालकाला सांगत नाहीत, पण सगळं नारपोली असंच चालतं. आधीच्या यंत्रांनी तेवढ्या वेळाला कामचोरी म्हटलं, म्हणून कामगारांनीच ती यंत्रं काढून फेकली. तिच्या यंत्रात जोडीचा रकाना होता. एक बटण. दाबलं की दोघांचे लूम एकत्र मोजले जातात. "मला वाटलं, हे असलं शेडमधलं तुमच्यासमोर कशाला दाखवायचं," ती म्हणाली.

भागीदारांना धाकधूक होती. नारपोलीतल्या एका शेडमध्ये तिची महिनाभराची परीक्षा सुरू झालीय. ती पार पडली तर काम वाढेल, नाही तर तिला नोकरी धरायला लागेल, हे तिनेच सांगितलं. भागीदार म्हणाले, निकाल लागू दे, मग बघू. मी म्हटलं, पैसे आजच द्यायचे. बराच वेळ वाद झाला, माझा आवाज चढला, चहाच्या मशीनने सुद्धा दोनदा गरम पाणी दिलं. शेवटी ते हो म्हणाले.

ती गेल्यावर मी पर्समधली हळदीची पुडी काढली. आत्याने दिलेली, मी ती जवळच ठेवते. भिंतीवरच्या कॅलेंडरवर तिच्या निकालाच्या तारखेला, चौकोनाच्या बरोबर मधोमध, सात ठिपके लावले.

एक भागीदार चष्मा वर करून जवळ आला. "हे काय? कुणाची हळद आहे?"

"घर सांगायचं नाही," मी म्हटलं, आणि बेंजोवाल्याला फोन लावला.